शेवटचा न

नोर्डहूकेच्या दफ्तरखान्यात, तळघरात,
महापुराच्या वर्षाची वही
मी तीन दिवस एकाच पानावर उघडी ठेवलीय.
कारकुनाचं अक्षर वळणदार, शाई अजून टिकलेली,
फक्त ओल.
ओलीनं एका शब्दाची शेपटी खाल्लीय.

"आज सकाळी विधवा तानेकेच्या दारी
दोन स्खेपन"
आणि पुढे तपकिरी डाग,
कॉफीच्या कपाखाली उमटतो तसा.

स्खेपन म्हणजे गावाचा मानकरी.
पंच म्हणावं, तर तो फटक्यांची शिक्षाही सुनावी;
न्यायाधीश म्हणावं, तर दुपारी तोच
मासळीबाजारात वजनं तपासत फिरे.
शेताचं खरेदीखत, पोरक्या मुलांचा वाटा,
कुणाची गाय कुणाच्या कोबीत शिरली
ते सगळं त्याच्या मेणाच्या शिक्क्याखाली थंड होई.
सातजण एका बाकावर बसत
आणि त्या बाकालाच लोक न्यायालय म्हणत.
बाक अजून आहे. मी त्यावर छत्री ठेवते.

पण स्खेपन म्हणजे जहाजंही.
एक असेल तर स्खिप, अनेक झाली की स्खेपन.
माणसं अनेक झाली तर मात्र
शेवटी आणखी एक न लागतो:
स्खेपनन.

तोच न असेल डागाखाली.
किंवा नसेल.

वाउट, एकवीस वर्षांचा, सुट्टीपुरता आलेला मदतनीस,
हसून म्हणाला, जहाजं दारात कशी येतील?
मी मागचं पान उलटून दाखवलं.
बांध फुटला. चर्चच्या तिसऱ्या पायरीवर ईल मासे.
पाळणा सापडला, पेअरच्या झाडात. रिकामा.
मग तो हसला नाही.

मानकरी आले असतील तर
बांधपट्टी मागायला आले असतील;
बांध फुटला म्हणून पट्टी चुकत नाही.
किंवा नवऱ्याची नोंद करायला,
टोप्या हातात, चिखलाचे बूट उंबऱ्याबाहेर,
दोघांपैकी बोलायचं कुणी
हे रस्त्यात ठरवून.
जहाजं आली असतील तर
कुणीतरी दोर फेकला असेल,
आधी राईच्या पिठाचं पोतं, मग शेळी, मग ती,
आणि कुठल्या गावचे, हे तिनं विचारलंही नसेल.

जाणकार सांगतात, मानकरी-स्खेपन
एका जुन्या क्रियापदातून आला असावा:
घडवणे, ठरवून देणे.
तशाच क्रियापदानं इथली माणसं
आज बादलीतून पाणी उपसतात.
असावा, म्हणतात.
नदीचं मूळ विचारू नये,
शब्दाचं विचारलं तरी तो ओलाच हाती लागतो.

उत्तरेला, सीमेपलीकडे, हा शब्द केव्हाच मेला.
फ्रेंच आले, बाक हलवले,
पुढच्या मानकऱ्यांना दुसरं नाव पडलं.
इथे मात्र तो सायकलवरून फिरतो:
खोडेलीव डेराएट,
गटारं, दफनभूमी आणि ग्रंथालय
या तिन्ही खात्यांची स्खेपन.
निवडून आली तेव्हा तिच्या आईनं
शेजारणीला सांगितलं म्हणे,
आमची आता जहाजं झाली.

गुरुवारी रात्री गटार उलटलं.
पहाटे पाचला मी नगरपालिकेत फोन केला,
तो तिच्या खिशात वाजला.
आली. रेनकोटखाली पायजमा,
दोन्ही हातांत बादल्या.
सात वाजेपर्यंत आम्ही उपसत होतो,
न बोलता; एकदाच तिनं विचारलं,
वह्या वर आहेत ना?
वर होत्या. बाकावर.

मग उजाडल्यावर, ओल्या बोटांनी,
मी रोजकीर्दीत पेन्सिलीनं लिहिलं:
आज पहाटे दफ्तरखान्याच्या दारी
एक स्खेपन.

तानेकेच्या नोंदीपुढचा अर्थाचा रकाना
मी कोराच ठेवलाय.
खोडेलीव एकटीच आली होती,
त्यामुळे आमच्या नोंदीत
न चा प्रश्न आला नाही.