इरेशचा कन्सोल

साखर पेठेत जिन्याखाली आमचं दुकान.
पाटीवर मोबाइल, रिमोट, मिक्सर.
कन्सोल लिहिलेलं नाही, तरी इरेश म्हमाणे आला,
सैफुलवरनं, सायकलवर, टॉवेलात गुंडाळून.

"ताई, ह्याला उघडायचंय."
"स्क्रू?"
"नाय बे..." आणि जीभ चावली. "म्हंजे, आतनं."

चकतीवर ओरखडे. नवी मिळत नाही.
कंपनीनं केव्हाच हात झटकलेत.
पैसे मोजून घेतलेला खेळ,
आणि यंत्र म्हणतं, ओळखत नाही.

पहिलं काम नक्कल, मी सांगितलं.
आतलं सगळं, जसं आहे तसं,
कार्डावर उतरवून ठेवायचं. मग बाकीचे उद्योग.
नाहीतर एक पायरी चुकते
आणि हातात वीट उरते,
भिंतीलाही न लागणारी.

बासष्ट टक्क्यांवर लाईट गेली.
लॅपटॉपच्या बॅटरीनं ओढत ओढत
शहात्तरपर्यंत आणलं.
इरेश नखं खात होता. मीही खाल्ली असती,
पण गिऱ्हाइकासमोर बरं दिसत नाही.

मागे स्टुलावर नायना.
"काय करायलीस?"
"नक्कल."
"मूळ कुणाचं?"
"कंपनीचं."
"पैसे कुणी दिले?"
"ह्यानं."
"मग नक्कल कुणाची?"
मी सोल्डरिंग गनची उष्णता तपासली.
गन बंद होती.

त्या रात्री त्यानं माळ्यावरनं पोतं काढलं.
दोरीत ओवलेले पुठ्ठे,
भोकाभोकांचे, एकामागोमाग एक,
घडी उलगडत दारापर्यंत गेले.
अक्कलकोट रोडचा कारखाना मोडला तेव्हा
माग किलोवर गेले. पुठ्ठे कुणी तोलले नाहीत.
पण हा संच कारखान्यातला नव्हताच.
हा त्यानं घरी ठोकलेला, रात्री,
अम्मा बिड्या वळत होती त्या उजेडात.

"चोरी?" मी विचारलं.
"पोपट मी काढला. पुठ्ठा त्यांचा.
भोकं माझी."
थोड्या वेळानं म्हणाला,
"विकला नाही कुणाला."

माग आमच्याकडे कधीच नव्हता.
एकवीस वर्षं माळ्यावर
चालवायला काहीच नसलेली नक्कल.

मी तीनशे चौसष्ट फोटो काढले.
भोक असेल तर धागा वर, नसेल तर खाली;
एवढीच भाषा. तरी चार रात्री गेल्या.
इरेशला फोनवर सांगितलं, पार्ट यायचाय.
खोटं होतं. त्याचा खेळ पहिल्याच दिवशी चालला होता,
ओरखड्यांशिवाय, चकतीशिवाय.

पाचव्या रात्री काळ्या पडद्यावर
खालनं एक ओळ आली. मग दुसरी.
पंजे, शेपट्या, मग डाळिंबाची फांदी,
आणि तोंडाला तोंड लावलेले दोन पोपट.
नायना इतका जवळ आला
की त्याच्या चष्म्यातही दोन पोपट.

"थांब. एकशे बारावा पुठ्ठा.
शेवटनं तिसरं."

म्हटलं माझंच चुकलं. पोतं पुन्हा उपसलं.
पुठ्ठ्यावर भोक होतंच,
पण त्याच्याभोवती वाळलेल्या खळीचा गोल:
चुकून पडलेलं, तेव्हाच कागद लावून बुजवलेलं;
कागद मध्ये कधीतरी गळून गेला.

एक होतं तिथं मी शून्य केलं.
पोपटाचा डोळा जागेवर आला.

कन्सोल परत दिला. साडेतीनशे घेतले.
पोपट पुसायचा राहिला, असं मी म्हणेन.

आठ दिवसांनी इरेश दारात,
एक पाय सायकलच्या पायडलवर.
"ताई, त्या यादीत शेवटी एक चादर हाय.
बटनं समदी दाबली. कायच होत नाही.
हा गेम जिंकायचा कसा?"

मी तोंड उघडलं, तोवर स्टुलावरनं आवाज:
"जिंकतो काय बे. थंडी वाजली की घे अंगावर."