बेचाळिसावा

फॅरो बेटांच्या दक्षिण टोकाला
आमच्या बंदरात समुद्रावर जाणारी एकेचाळीस माणसं.
मासळीच्या शेडमध्ये मी टेप घेऊन उभी राहिले
आणि ती बूट काढून एकेक करत आली,
शाळेत वजन करायला पोरं येतात तशी.

ट्रोंदुरची छाती पिंपाएवढी, पाय आखूड.
रोई आजानुबाहू, पण खांदे पडलेले.
सीमुनच्या डाव्या हाताची दोन बोटं
कधीच दोरात गेलेली.
हानुस एकशे बासष्ट.
त्यानं टाचा उचलल्या होत्या,
मी पाहिलंच नाही असं दाखवलं
आणि खरा आकडा लिहिला.

कोपनहेगनच्या कंपनीनं कळवलं होतं:
बेरीज करा, एकेचाळिसानं भागा,
बुडताना घालायच्या पोशाखाचं एकच माप पाठवा.

असा बेचाळिसावा जन्मला.
ना आई ना बाप, नुसता भागाकार.
उंची एकशे अठ्ठ्याहत्तर,
बोटं दहाला किंचित कमी.
त्याला मासळीचा वास येत नव्हता,
तो कुणाचंही उधार देणं लागत नव्हता.
गणित तीनदा तपासलं. चूक नव्हती.

त्याच्या मापाचे एकेचाळीस नारिंगी पोशाख आले.
ट्रोंदुरची चेन छातीशी अडली.
रोईची मनगटं उघडीच.
हानुस तर आत असा हरवला
की आम्ही सगळे हसलो, तोही हसला.
शिवणीवर कंपनीचा शिक्का होता,
उसवायची नाही अशी ताकीद.
बाह्या दुमडून घे, म्हणाले मी.

नोव्हेंबर.

पाणी बाहीतून शिरलं,
त्याला घेऊन आलेल्यांनी सांगितलं.
बाकी काही सांगितलं नाही.
बाही दुमडलेली होती.

वसंतात कंपनीला नवे आकडे हवे होते.
चाळीस जणांची बेरीज केली, चाळिसानं भागली.
सरासरी चार मिलिमीटरनं वाढलेली.
हानुस नव्हता, म्हणून.
मी पुन्हा तपासलं. याही वेळी
गणितात चूक नव्हती.

ते पत्र अजून टाकलेलं नाही.
काल रोई आला, पोशाख खांद्यावर टाकून.
मी पातं घेतलं आणि शिक्क्यासकट शिवण उसवली.
हात पुढे कर, म्हटलं.
त्यानं उजवा केला.
दोन्ही, म्हटलं.

डावा एक सेंटिमीटरनं लांब निघाला.