अर्धं कातडं, अर्धा कागद

पाळकसाहेबांच्या मुलानं फोनवर फोटो दाखवला.
स्पेनमधल्या कुठल्या मठातलं पुस्तक,
हजारेक वर्षांचं. उपासनेचं.
"काका, बघा, तुमच्या धंद्यातलं आहे."
मी हात पुसले. खळीचे हात काचेला लावू नयेत.

बोटांनी मोठं करत गेलो.
अक्षर वाचता येईना,
पण कागद मला वाचता येतो :
जाड, गाठीगाठीचा, कडेला मऊ पडलेला,
एका ओळीखाली दोऱ्याचं टोक तसंच राहिलेलं.
चिंध्या कुटून केलाय, म्हटलं.
कुणाची पैरण असेल, कुणाचं बाळंतपणाचं धडुतं,
भिजवलं, कुजवलं, कुटलं, चाळणीवर पसरलं.
मुलगा म्हणाला, कागद करणारे मुसलमान होते,
लिहिणारे आपले.
मला हनीफ कागदी आठवला, दर्ग्यामागचा.
पुठ्ठा अजून उधारीवर देतो,
आणि आडनाव सोडलं तर
कागदातलं वडिलोपार्जित त्याच्याकडे काही उरलेलं नाही.

"आणि पुढची पानं?"
"ती कातड्याची."
मी फोन खाली ठेवला.

आमचे पणजोबा मिरजेच्या खाली, कृष्णाकाठी
कातडी कमवायचे.
चुना, बाभळीची साल, आणि तो वास
जो अंघोळीनं जात नाही, बाप्तिस्म्यानंही लवकर जात नाही.
त्यांची सावली पडली तर पोथी धुवावी लागली असती.
पोथी धुता येत नाही,
म्हणून सावलीच लांब ठेवत.
आणि तिकडे कुणी एकानं
अशाच चुन्यातनं काढलेल्या वासराच्या पाठीवर
देवाचं नाव लिहिलं.
पणजोबांना हे कुणी सांगितलं नाही.
मिशनच्या मडमेनंही नाही.
तिलाही ठाऊक नसावं बहुधा.

रात्री आमच्या मंडळीचं उपासनेचं पुस्तक काढलं,
गेल्या नाताळापासून माझ्याकडे पडून होतं.
शिवण सुटलेली, लग्नविधीला कसर लागलेली,
प्रभुभोजनाच्या पानावर द्राक्षरसाचा डाग.
डाग काढू नका, म्हणाले होते पाळकसाहेब.
तो निघणारही नव्हता.

खळ शिजवली. चिमूटभर मोरचूद, कसरीसाठी.
कण्याला मलमल हवी होती, आणि दुकानं बंद.
ट्रंकेत सुवार्ताची पांढरी साडी होती,
मिशन हॉस्पिटलची,
बत्तीस वर्षं बाळंतिणींच्या वॉर्डात आया होती ती.
पदराला कात्री लावली नाही.
निऱ्यांच्या वरची बाजू घेतली, जिथं ती किल्ली खोचायची,
गंजाचा डाग होता अजून.
तेवढीच चार बोटं पट्टी.

रविवारी पाळकसाहेबांनी पुस्तक उघडलं,
उपासना संपल्यावर मला बाजूला घेऊन म्हणाले,
"छान झालंय. पण आशेर, उघडताना जरा अडतं."
म्हटलं, सैल पडेल हळूहळू.
तिलाही वेळ लागायचा, नव्या माणसांत.
ते "कुणाला?" म्हणाले.
मी चपला शोधत होतो.