खोलीचा आवाज

तिसऱ्यांदा आलेत हे लोक.
पहिल्यांदा घर सापडत नव्हतं,
आता अशोक चौकात कुणीही सांगतो:
क्लॅरिनेटवाल्या म्याकल मास्तरांचं का? टाकीच्या मागं.

कुठं बसायचं, मला ठाऊक आहे.
खिडकी डावीकडं, पाठीशी वडिलांचा फोटो,
पदराखालून वायर.
इरकल आहे का, आजी?
आहे. गेल्या वेळचंच.

शेजारच्या श्रीनिवासला माग बंद करायला सांगतात,
आवाज येतो म्हणे.
येतोच.
त्या आवाजावरच तर वडील लय शिकले,
चादरीच्या कारखान्यात, रात्रपाळीला,
धोट्याच्या येण्याजाण्यात श्वास मोजत.
हे मी दोनदा सांगितलंय.
दोन्ही वेळा माग बंद करून.

मग उसन्या कोटाची गोष्ट.
रेडिओवर पहिल्यांदा वाजवायला निघाले
ते शिंप्याकडचा, कुणा गिऱ्हाइकाचा कोट घालून.
लोकांना आवडते.
दर खेपेला मी त्या कोटाला एक बटण लावत गेले.
आता तो इतका देखणा झालाय
की आत वडील ओळखू येत नाहीत.

आई दोन फिल्मा मिळून चार सेकंद.
रोज हजार विड्या वळायची,
त्यातून मुंबईच्या रीड यायच्या.
असं म्हटलं की ती मुलगी मान डोलावते
आणि विचारते, गुरू कोण त्यांचे?

खालच्या पट्टीवर एकदा मी नागमणी,
एकदा नाममणी. पुढं स्वल्पविराम, कन्या.
नातू म्हणतो, तू रडतीस तिथं लई भारी आलंय.
रडले नव्हते रे.
सुपातली तंबाखूची धूळ गेली होती डोळ्यात.

वाद्य हातात घ्या, म्हणतात.
घेते. पाहुण्यांचं मूल घ्यावं तसं.
तुम्हाला शिकवलं नाही का त्यांनी?
नाही. पोरीनं फुंकायचं नसतं तेव्हा.
एवढंच बोलते.

शेवटी कानाला लावलेला पोरगा उभा राहतो:
एक मिनिट कुणी हलू नका,
खोलीचा आवाज घ्यायचाय. नुसत्या खोलीचा.

पंखा बंद. कॅमेऱ्यावर झाकण.

मी तापानं निजले की वडील उशाशी बसायचे,
माझा हात मांडीवर आडवा घ्यायचे
आणि दहा बोटांनी, काही न वाजवता,
मनगटापासून कोपरापर्यंत अख्खा राग वाजवायचे.
आई दमून झोपलेली असायची. गल्ली झोपलेली.
सूर कुठं लागला, कुठं ते थबकले,
मला कातडीवर कळायचं.

हे कुणाला सांगितलेलं नाही.
डावा हात आपोआप मांडीवर आलाय,
उजव्याची बोटं त्याच्यावर उतरतात.
एकच हात उरतो वाजवायला,
त्यामुळं वरचे सूर सुटतात सगळे.
खालचे तेवढे येतात,
आणि एका जागी मी अडते.
तिथं तेही अडायचे.

झालं, पोरगा म्हणतो.
एकदम स्वच्छ. काही नाही त्यात.

भिंतीपलीकडं श्रीनिवासनं माग सुरू केला.