सडीक

वरळीच्या हॉटेलात, एकोणिसाव्या मजल्यावर,
सहा बाटल्या बर्फात गळ्यापर्यंत उभ्या
आणि मी दुभाषी, तासाला बाराशे रुपये,
मोरिशिता-सानच्या डाव्या खांद्याशी.

ते म्हणाले, आमचं गाव लहान.
एक नदी, एक देऊळ, साके गाळणारी तीन घरं,
त्यातली दोन बंद.
मी सांगितलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या,
कशाला, ते कुणालाच ठाऊक नव्हतं.

मग तांदळावर आले.
दाणा निम्मा होईस्तोवर घासायचा,
उरतं ते पोटातलं पांढरं. ते वाफवून
त्यावर बुरशी पेरायची,
आणि रात्री दर दोन तासांनी उठून
हात लावून बघायचा ताप,
तान्ह्या मुलाचा बघतात तसा.

माइकवर इंग्रजीत हे सगळं सोपं होतं.
पण पाण्याचा जग धरून उभा असलेला सुधन्वा
हळूच म्हणाला, ताई, म्हणजे तांदळाचं करतात काय?
सडतात, मी म्हटलं.
कुजवतात?
तेही. आधी सडतात, मग सडवतात.
त्यानं माझ्याकडे असं पाहिलं
की मीच चाखून आले असावे.
काय करू. एकाच क्रियापदात
उखळही आहे आणि उकिरडाही.

पांढऱ्या कपांच्या तळाशी दोन निळी वर्तुळं,
त्यांच्या कडा किती स्वच्छ दिसतात त्यावरून
साकेची पारख.
पाहुण्यांनी वर्तुळांचे फोटो काढले.
एकानं विचारलं, ह्यात मासे नाहीत ना?
मोरिशिता-सान बराच वेळ विचार करून म्हणाले,
नदीत आहेत.

शेवटच्या घोटाला एक शब्द होता त्यांच्याकडे,
चव जिथे तुटते त्या जागेचा.
मी तीक्ष्ण म्हणून पाहिलं, कोरडी म्हणून पाहिलं,
चाळीस मिनिटं त्या एका शब्दाभोवती
चपला झिजवल्या.

नंतर काचेला कपाळ टेकून
त्यांनी विचारलं,
खाली ते काय वाळत घातलंय?

मथुरा वैती म्हणजे माझ्या वर्गातल्या नीलमची आई.
कोळीवाड्याच्या त्या बोळात
मोरिशिता-सान एका खांद्यानं चालले,
दुसऱ्या बाजूला जाळी होती.
मथुराबाईंनी निखाऱ्यावर सुके बोंबील टाकले,
तांदळाची भाकरी थापली,
कांदा बुक्कीनं फोडला.

किती दिवस उन्हात?
तीन बोटं.
आणि ढग आले तर?
हात आभाळाकडे.
मीठ? मूठ दाखवली.
त्यांनी आपली मूठ शेजारी धरली, लहान होती,
दोघंही हसले.
वीस मिनिटं मी फुकट बसले होते,
पैसे मात्र त्यांचेही लावले.

उरलेली बाटली त्यांनी स्टीलच्या पेल्यात ओतली,
काठोकाठ, मग काठावरून ताटलीत.
आरं, सांडतंय!
सांडायचंच असतं, मी म्हटलं,
त्यांच्याकडे पाहुण्याला असंच देतात.
तिनं एक बोट बुडवलं
आणि दाराकडे दोन थेंब उडवले,
म्हाताऱ्यांना, म्हणाली, जे गेले त्यांना.
मी भाषांतर करणार तोच
मोरिशिता-साननी आपला पेला खाली ठेवला होता
आणि त्यांचंही बोट ओलं होतं.

मग तिनं घोट घेतला. थांबली.
म्हणाली, धरून नाय बसत. सोडतंय.

मी तो शब्द त्यांना दिला.
त्यांनी पाठीवर थाप मारली स्वतःच्याच गुडघ्याच्या,
मग माझ्याकडून तीनदा म्हणवून घेतला.
सोदताय. सोदताय.

परत जाताना, बंदराच्या कठड्यापाशी,
म्हणाले, तिसरं घरही ह्या हिवाळ्यात बंद.
मुलगा ओसाकाला विमा विकतो, बरं चाललंय त्याचं.
आजूबाजूला कुणी नव्हतं ज्याला हे सांगावं,
म्हणून ते माझ्याकडेच राहिलं, जपानीतच.

बाटली मथुराबाईंकडे आहे. तिच्यात आता आगळ.
लेबल पाण्यानं सुटत चाललंय,
डोंगर निम्मा उरलाय.