मोजमाप

वॉर्डन रोडला समुद्राकडे पाठ करून
जो बंद बंगला उभा आहे,
त्याचा इतिहास एका पाटीवर होता.
पाटी पडली. मला तो कापडातून माहीत आहे.

माझे वडील दिगंबर पतंगे.
नाव दिगंबर आणि धंदा शिंप्याचा,
यावर संस्थानचे दिवाण दरवेळी हसायचे
आणि पैसे दरवेळी उशिरा द्यायचे.
पहिला झेंडा त्यांचाच. केशरी रेशीम, मधोमध तलवार.
अठ्ठेचाळीस साली तो उतरवला, भाषण झालं नाही.
दिवाण म्हणाले, "पतंगे, घेऊन जा, कापड चांगलं आहे."
आईचं पोलकं निघालं त्यातून.
तलवारीची मूठ वडिलांनी बेताने
काखेत लपवली.

मग परके आले, भाडेपट्ट्याने.
राणीच्या न्हाणीघरात फायली, पागेत मोटारी,
गच्चीवर त्यांचा झेंडा.
खारा वारा कुणाची भीड धरत नाही.
महिन्याभरात कड विरायची,
वडील ती दुमडून टीप मारायचे.
दर महिन्याला एक बलाढ्य देश
बोटभर आखूड व्हायचा.
त्यांनी हे कुणाला कळवलं नाही.

एकदा शुक्रवारी संध्याकाळी निरोप:
उद्या पाहुणे येतायत, देश नवा आहे, झेंडा हवा.
सोबत फोटो. काळापांढरा.
कारकुनाला रंग ठाऊक नव्हते,
मंगळदास मार्केट बंद व्हायला अर्धा तास.
वडिलांनी अंदाजाने हिरवा वर घेतला,
खाली लाल, रात्रभर मशीन.
सकाळी पाहुण्यांनी मान वर करून पाहिलं
बराच वेळ.
"उलटा आहे," ते म्हणाले म्हणे,
"पण असू द्या. आमच्या गावीही
अजून कुणी पाहिलेला नाही."

आणि ते मेज. त्यावरची हिरवी बनात
वडिलांनीच शिवलेली.
अबोला धरलेले दोन देश समोरासमोर,
कशावरून, ते शिंप्याला कोण सांगणार.
कुणीतरी पेन आपटलं. शाई.
वडिलांना मागच्या दाराने बोलावलं,
ठिगळ लावेपर्यंत बैठक थांबली.
कागद उचललेले, हात रिकामे,
करायला काही नाही.
वडील सुई चालवत होते, खाली मान.
भाषा कळत नव्हती.
पण डोळ्याच्या कोपऱ्यातून दिसलं:
एकाने तळवा गुडघ्याच्या उंचीवर धरला,
मूल केवढं आहे ते.
दुसऱ्याने, जरा थांबून, कमरेपर्यंत.
वडील सांगत, मी तेव्हा टाके
मुद्दाम जवळजवळ घातले.

तह झाला का?
आठवडाभर त्यांनी पेपर चाळला. सापडला नाही.
बिलात लिहिलं: ठिगळ एक, आठ आणे.

वडिलांमागे मशीन माझ्याकडे आली.
फाटकाबाहेर व्हिसाची रांग असायची,
मी मागच्या दाराने आत जायची, झेंडा काखोटीला.
पुढे त्यांनी कचेरी उपनगरात हलवली,
झेंडे खोक्यांतून येऊ लागले, न विरणारे.
बंगला विकला म्हणतात, कोर्टात आहे म्हणतात.
गच्चीच्या फटीत पिंपळ धरलाय.

परवा फाटकाशी उभी होते.
रखवालदार म्हणाला, "मावशी, कुणाकडे काम?"
काय सांगणार. पिशवीतून टेप काढली.
"मोजमाप घ्यायचंय."
"कशाचं?"
मी वर बोट दाखवलं.
काठीला नुसती दोरी,
वाऱ्याने हलत होती, कडी लोखंडावर वाजत होती.
तो हसला. मग त्यानेही वर पाहिलं,
आणि डोळ्यांवर हात धरून विचारलं,
"कापड किती लागेल?"