निजायच्या आधीचं गाव

शाळेतून मिळालेल्या गोष्टीच्या पुस्तकात
एक दीपगृह होतं, बर्फ होता,
लाल टोपीतलं अस्वल बोटीतून घरी जात होतं.
आम्रपालीनं चार रात्री निमूट ऐकलं.
पाचव्या रात्री म्हणाली,
"बाबा, याच्यात खारपिंपरी कोन्त्या पानावर हाये?"

मी पाट्या रंगवणारा माणूस.
किराणा, कृषी केंद्र, ट्रॉलीमागचे आईवडिलांचे आशीर्वाद.
डब्यांच्या तळाशी रंग उरतो, वर साय धरतो.
कागद म्हणून लग्नपत्रिका घेतल्या, तीन उन्हाळ्यांच्या,
जाड असतात, आणि पाठ कोरी.
तिच्या आईनं दाभणानं सुतळीत ओवल्या.
म्हणून आमच्या गावाच्या पाठीमागे
कुणाकुणाचे मामा, आत्या,
आणि "कृपया आहेर आणू नये".

पहिल्या पानावर उत्तरेची निळी रेघ.
सातपुडा. एवढ्या लांबून डोंगराला काम नसतं,
नुसतं दिसत राहायचं.
दुसऱ्यावर बंद जिनिंग. चिमणीतून पिंपळ निघालेला,
तो मी धुरासारखा काढला.
तिसऱ्यावर एसटीचा थांबा.
"यात मानसं काऊन काढले?
येथी तं भोयरकाकाच्या बकऱ्या बसतात."
माणसं खोडली, बकऱ्या बसवल्या.
एका बकरीला अजून मिशी आहे.

चौथं पान पाण्याच्या टाकीचं.
उद्घाटन झालं, पाणी आलंच नाही,
पण चार गावांवरून दिसते,
आणि परक्याला पत्ता सांगायला बरी पडते.
शिडी काढली. तिसरी पायरी तुटकी ठेवली,
जशी आहे तशी.

पाचवं, खारी विहीर.
"मंग समुद्र कुठी हाये?"
मी म्हटलं, आपला खालून हाये बाई.
म्हातारे सांगतात, तो गेला नाही,
जमिनीखाली जाऊन निजला.
तिनं पान चाटून पाहिलं.
"खारं नाही. राकेल लागते."

आणि रोज इथंच, विहिरीच्या काठावर,
तिचे डोळे मिटायचे.
सहावं पान मी काढलंच नव्हतं.
गरजच पडली नाही.

परवा विहिरीपर्यंत आलो तरी जागी.
पानं मागं उलटत म्हणाली,
"बाबा, टाकी चुकली तुमची.
तिसरी नाही तुटली, पाचवी तुटली हाये.
तिसरी नुसती हालते."

बरं, उद्या दुरुस्त करतो, म्हटलं.
दिवा मालवला.
मग अंधारात उठून बसलो.

खालून पाहिलं तर तिसरीच तुटल्यासारखी वाटते.
हलते, हे खालून कळत नाही.

तिच्या आईला उठवलं नाही.
त्या लहानशा तळव्यांवर हात फिरवत राहिलो,
गंज कुठं लागलाय का बघत.

सकाळी ती चहात पोळी बुडवत होती.
मी काही विचारायच्या आधीच,
"वरून आपलं घर नाही दिसत.
कडूलिंब दिसते नुसता.
शेवटच्या पानावर थोच काढजा."

रागवायचं होतं. थोडा रागावलोही.
मग कडूलिंब काढला, पानभर,
दोन दुकानांचा हिरवा एकत्र करून.
घर काढलं नाही.
ती रात्री बोट ठेवते, "येथी आपन," आणि निजते.

दुसऱ्या दिवशी उरलेल्या लाल रंगानं
टाकीच्या खांबावर लिहिलं,
टाकीवर चढु नये.
ग्रामपंचायतीनं सांगितलं नव्हतं, पैसे मागितले नाहीत.
शाळेतून येताना ती तिथं थांबली,
अक्षर अक्षर लावून मोठ्यानं वाचलं,
मग माझ्याकडं पाहिलं, दुसरीतली पोर.

"बाबा, 'चढू'चा दुसरा उकार पाह्यजे."

डबा पुन्हा उघडला.